येरून क्राबे आणि दुय्यम भूमिका

येरून क्राबे हे नाव आपल्याकडे फारसं कुणाला माहीत नसेल, पण चेहरा बऱ्याच जणांनी पाहिलेला असतो. 'द लिव्हिंग डेलाइट्स' (१९८७) या बाँडपटातला, मिठ्या मारणारा लबाड रशियन जनरल कोस्कोव्ह आठवतोय? तो क्राबे. 'द फ्युजिटिव्ह'मध्ये (१९९३) हॅरिसन फोर्डचा जिवलग डॉक्टर मित्र, जो शेवटी कारस्थानाच्या मुळाशी निघतो? तोही हाच. (तीस वर्षं झाली, आता रहस्य फोडायला हरकत नाही.) 'इम्मॉर्टल बिलव्हेड'मध्ये (१९९४) बीथोवनचा सेक्रेटरी शिंडलरही तोच.

म्हणजे कायम दुसऱ्या-तिसऱ्या नंबरचा नट. पण इथे नेदरलंड्समध्ये हे वाक्य कुणाला बोलून दाखवा, समोरचा डच माणूस तुम्हाला वेड्यात काढेल. १९४४ साली अ‍ॅमस्टरडॅममध्ये जन्मलेला क्राबे इथला मोठा स्टार. पॉल व्हरहूवनच्या 'सोल्जर ऑफ ऑरेंज'मध्ये (१९७७) तो रुटगर हाउअरच्या बरोबरीने होता आणि त्याच दिग्दर्शकाच्या 'द फोर्थ मॅन'मध्ये (१९८३) तर नायकच.

मग हा माणूस हॉलिवूडची पडेल ती कामं करायला का गेला? माझ्या मते हिशोब साधा आहे. डच बोलणारा मुलूख छोटा, सिनेमाचा धंदा त्याहून छोटा. बाहेर पडावं तर उच्चार आडवे येतात. इंग्रजी सिनेमात परक्या उच्चारांचा माणूस दिसला की तो हेर, डॉक्टर किंवा दगाबाज असणार, असं प्रेक्षक धरूनच चालतो. डच माणूस डच म्हणून क्वचितच लागतो. 'ओशन्स ट्वेल्व्ह'सारखा (२००४) अपवाद, तोही गोष्ट अ‍ॅमस्टरडॅमला येते म्हणून.

आता खरी गंमत. क्राबे स्वतः दिग्दर्शक झाला तेव्हा तरी नायक झाला असेल ना? नाही. 'लेफ्ट लगेज'मध्ये (१९९८) त्याने कर्मठ ज्यू बापाची भूमिका घेतली, तीही दुय्यमच. हॅरी मुलिशच्या कादंबरीवरच्या 'द डिस्कव्हरी ऑफ हेवन'मध्ये (२००१) प्रमुख डच पात्रांपैकी एक, ओनो, त्याने स्टीफन फ्राय या इंग्रजाला दिलं! म्हणजे दुय्यम काम त्याला कमीपणाचं वाटत नव्हतं. तो त्याचा धंदा होता, आणि तो त्याला चोख येत होता.

दुसरी गोष्ट मला जास्त महत्त्वाची वाटते. आजोबा चित्रकार, वडील चित्रकार. यानेही कुंचला सोडला नाही. २०१५ मध्ये डच टीव्हीवर तो व्हॅन गॉगच्या शोधात फिरला, पुढे पिकासो आणि शागालच्याही. घरोघरी लोकांनी ते आवडीने पाहिलं. जनरल कोस्कोव्हचा तिथे काही संबंध नव्हता.

मराठी माणसाला हे नवं नाही. डॉ. श्रीराम लागू हिंदीवाल्यांसाठी 'मुकद्दर का सिकंदर'मधले (१९७८) राखीचे वडील, म्हणजे असंख्य बापांपैकी एक. आपल्यासाठी ते १९७० चे 'नटसम्राट'. माणूस एकच, फक्त प्रेक्षागृह वेगळं.

इथल्या आपल्या मंडळींच्या गप्पा ऐकल्या की एक तक्रार हमखास येते: इथे कितीही राबा, आपण कायम सहाय्यक कलाकार, मॅनेजर त्यांचा, प्रॉडक्ट त्यांचं. तक्रार खोटी नाही, आणि ती कंपनीत मांडलीही पाहिजे. पण मला जास्त काळजी वेगळीच वाटते. पुण्यात असताना तबला वाजवणारा, एकांकिका बसवणारा, दिवाळी अंकात लिहिणारा माणूस इथे येऊन दहा वर्षांत फक्त 'सीनियर कन्सल्टंट' उरतो. बाहेरच्या सिनेमात छोटी भूमिका मिळणं हा आपला दोष नाही. घरचं नाटक आपण होऊन बंद केलं, त्याला मात्र डच मॅनेजर जबाबदार नाही.

तबल्याची शाई निघाली असेल तर ती भरून मिळते. हाताचं तेवढं सोपं नाही, म्हणून या शनिवारपासूनच बसावं.