बंदीहुकूम नसलेली बंदी

ज्या कलाकृतीवर सरकारने बंदी घातली नव्हती ती लोकांपुढे आली नाही, तर दोष लोकांच्या अभिरुचीचा, असा युक्तिवाद काही विद्वान मोठ्या ऐटीने करतात. इतका लबाड युक्तिवाद वकिलीच्या धंद्यातही आमच्या कानी क्वचितच आला असेल. उत्तरादाखल स्पेनचे नट व पटकथालेखक फर्नांदो फर्नान गोमेस यांचेच उदाहरण घ्या.

फिरतीवर असलेल्या एका नटीच्या पोटी, १९२१ साली लिमा शहरी, ते जन्मले. फ्रँकोच्या राजवटीला ते नट म्हणून हवेच होते. ‘बालार्रासा’ (१९५१) चित्रात युद्धातला अधिकारी पुढे धर्मोपदेशक होतो. ती भूमिका त्यांची. असल्या चित्रांवर धर्म आणि सत्ता दोन्ही प्रसन्न! पण याच नटाने हाती लेखणी धरून माद्रिदच्या गरीब वस्तीतले दैन्य सांगावयास घेतले, तेव्हा काय झाले? सुनसुनेगी यांच्या कादंबरीवरून त्यांनी ‘एल मुंदो सिगे’, म्हणजे ‘जग चालूच राहते’, ही पटकथा लिहिली, दिग्दर्शन केले, आणि फुटबॉलच्या निकालांवर पैसे लावून संसार बुडविणाऱ्या वेटरचे कामही स्वतःच केले. कथेतल्या दोघी बहिणींपैकी पतीशी बांधलेली दारिद्र्यात पिचते. श्रीमंतांचा आश्रय धरणारी वर चढते. चित्र १९६३ चे. ते १९६५ साली बिल्बाओ येथे कसेबसे लागले आणि नाहीसे झाले. त्यांनीच दिग्दर्शित केलेले ‘एल एस्त्रान्यो व्याहे’ १९६४ साली तयार झाले. लोकांपुढे आले १९६९ मध्ये.

बंदीहुकूम निघाला तर अन्याय करणाराची सही तरी कागदावर राहते. येथे कागदच नाही. चित्राची श्रेणी सरकारी मंडळ ठरवी, त्या श्रेणीवर साहाय्य व प्रदर्शनाच्या सवलती मिळत, आणि ज्यावर मर्जी नाही त्या चित्राकडे व्यापारी पाठ फिरवी. दाद मागावी कोणाविरुद्ध? सालाझारच्या सेन्सॉरचा शिक्का पाहिलेल्या गोमंतकीयांस यावर भाष्य नको. तो शिक्का निदान डोळ्यांना दिसत तरी असे.

यावर प्रतिपक्ष म्हणेल, अखेर त्यांचा गौरव झालाच ना? झाला. गावोगाव फिरणाऱ्या आणि सिनेमाने उपासमारीस लावलेल्या नटांची कथा त्यांनी ‘एल व्याहे आ निंगुना पार्ते’ मध्ये सांगितली. (जत्रेमागून जत्रा करणाऱ्या आमच्या नाटकमंडळ्यांस ती परकी वाटू नये.) १९८७ च्या पहिल्या गोया पुरस्कारांत त्या चित्रास उत्कृष्ट चित्र, दिग्दर्शन व पटकथा असे तिन्ही मान लाभले. २००० साली ते स्पॅनिश अकादमीत आसनस्थ झाले. पण फ्रँको वारला तेव्हा, १९७५ मध्ये, ते चोपन्न वर्षांचे होते. चाळिशीतल्या लेखकाचे जे हिरावले, ते साठीनंतरच्या हारतुऱ्यांनी भरून निघते, हे कोणत्या न्यायशास्त्रात लिहिले आहे?

‘एल मुंदो सिगे’ स्पेनच्या चित्रगृहांत पुन्हा लागले ते २०१५ साली. त्याचे कर्ते २००७ मध्येच निवर्तले होते.