तिसरी पाकळी

दसऱ्याला आपट्याचं जे पान आपण सोनं म्हणून एकमेकांच्या हातावर ठेवतो, त्याच्या शास्त्रीय नावात दोन सख्खे भाऊ आहेत. योहान आणि कास्पार बौहिन, दोघंही स्वित्झर्लंडमधले वैद्य, दोघंही वनस्पतींचे अभ्यासक. धाकट्या कास्पारने १६२३ मध्ये सुमारे सहा हजार वनस्पतींची नोंद असलेला ग्रंथ छापला. आपटा आणि कांचन ज्या प्रजातीत येतात तिचं नाव या भावांवरून 'बौहिनिया'. वनस्पतिशास्त्रज्ञ लिनियसने त्याचं कारणही लिहून ठेवलं आहे : बुडाशी जोडलेली दोन दळं म्हणजे हे दोन भाऊ.

लिनियसची अशीच आणखी एक आठवण मला त्याहून जवळची वाटते. पावसाळ्यात पिकात केना माजतो. खुरपून टाकला तरी ओल मिळाली की पेरापेराला मुळं फुटून पुन्हा उभा राहतो, म्हणून शेतकरी वैतागतो. कोवळा असताना मात्र केना-कुर्डूची भाजी आवडीने खाल्ली जाते. सकाळी त्याला निळं फूल येतं. दोन पाकळ्या ठसठशीत, तिसरी इतकी लहान की वाकून बघावं लागतं. केन्याच्या प्रजातीचं नाव 'कॉमेलिना', हॉलंडमधल्या कॉमेलिन घराण्यावरून. यान कॉमेलिन आणि त्याचा पुतण्या कास्पार हे दोघे नामांकित वनस्पतिशास्त्रज्ञ. तिसरा कॉमेलिन या शास्त्रात काही काम हातून होण्याआधीच वारला. लिनियसने १७३७ मध्ये लिहिलं, की दोन मोठ्या पाकळ्या त्या दोघांच्या आणि न दिसणारी तिसरी त्या तिसऱ्याची.

ज्याच्या नावावर एक पान नाही, एक शोध नाही, त्याच्यासाठीही फुलात जागा राखून ठेवणं हे मला फार मोठं वाटतं. कर्तबगारांची स्मारकं सगळीकडे होतात. ज्याला वेळच मिळाला नाही त्याची आठवण कोण ठेवतं?

या यान कॉमेलिनचा आपल्याकडच्या झाडांशी खरोखरीचा संबंध होता. कोचीनचा डच अधिकारी व्हान रेडे याने मलबारच्या वनस्पतींवर सिद्ध केलेला 'होर्तुस मलाबारिकुस' हा बारा खंडांचा ग्रंथ १६७८ ते १६९३ या काळात ॲमस्टरडॅममध्ये छापला गेला. त्यातल्या काही खंडांना यानने टिपा लिहिल्या. पण झाडांची खरी माहिती पुरवली ती इट्टी अच्युतन या मलबारी वैद्याने आणि रंग भट, विनायक पंडित व अप्पू भट या तीन कोंकणी पंडितांनी. तिघंही गोव्याहून कोचीनला गेलेल्या समाजातले. त्यांनी १६७५ मध्ये दिलेलं कोंकणीतलं प्रमाणपत्र पहिल्या खंडात नागरी अक्षरांत छापलेलं आहे. युरोपात छापलेल्या पुस्तकात इतक्या लवकर आलेली ती आपली अक्षरं प्रत्येकाने एकदा डोळ्यांखालून घालावीत. अच्युतनच्या नावाने पुढे एकोणिसाव्या शतकात ब्लूमने 'अच्युदेमिया' ही प्रजाती केली. अशा मानावर त्या तीन पंडितांचाही तितकाच हक्क आहे.

आता सह्याद्रीत येऊ. शिवनेरीच्या, जुन्नर भागातल्या कड्यांना धरून 'शिंदळ माकुडी' नावाची एक मांसल वनस्पती वाढते. तिची फुलं ताऱ्यासारखी, गडद तांबडी, वर पिवळे ठिपके. जगात ती फक्त महाराष्ट्रात आढळते आणि अतिशय दुर्मीळ आहे. मुंबई इलाख्यातले वनाधिकारी डॅल्झेल यांनी तिला शास्त्रीय नाव दिलं 'फ्रेरिया इंडिका', तेव्हाचे गव्हर्नर बार्टल फ्रियर यांच्यावरून. पुढे अभ्यासकांनी ही वनस्पती दुसऱ्या प्रजातीत हलवली, तेव्हा प्रजातीचं नाव गेलं, तरी जातीच्या नावात 'फ्रेरी' म्हणून फ्रियरसाहेब राहिलेच. अधिकाराच्या जोरावर मिळालेली अशी नावं मला सर्वांत कमी ओढ लावतात.

त्याच डोंगरांवरची कंदीलपुष्पं बघा. उभट कंदिलासारख्या नळीत आतल्या बाजूला वळलेले केस असतात. त्यांच्यामुळे बारीक माशी आत शिरते, पण बाहेर पडू शकत नाही. केस कोमेजले की ती परागकण घेऊन सुटते आणि दुसऱ्या फुलाकडे जाते. यातल्या कितीतरी जाती फक्त पश्चिम घाटात आहेत आणि त्यांच्या नावांत आपले शिक्षक आहेत. 'सेरोपेजिया सांतापावी' हे फादर सांतापाव यांच्यावरून. ते स्पेनमध्ये जन्मलेले जेझुइट, मुंबईच्या सेंट झेवियर्स कॉलेजात शिकवत. खंडाळ्याच्या वनस्पतींवर त्यांनी ग्रंथ लिहिला, पुढे भारतीय वनस्पती सर्वेक्षण संस्थेचे प्रमुख झाले आणि भारताचं नागरिकत्वही घेतलं. 'महाबळेई' हे पुणे विद्यापीठातले वनस्पतिशास्त्राचे प्राध्यापक त्र्यं. शं. महाबळे यांच्यावरून, ही जात जुन्नर तालुक्यात सापडली. सिंहगडावरची 'मॅकॅनी' बॉम्बे नॅचरल हिस्टरी सोसायटीच्या चार्ल्स मॅकॅन यांची. पुढच्या पिढीच्या अभ्यासकांनी ही नावं दिली. ज्यांनी झाडाकडे बघायला शिकवलं त्यांच्यासाठी याहून चांगली गुरुदक्षिणा मला सुचत नाही.

याच सोसायटीच्या मुंबईतल्या संग्रहात एक वटवाघूळ होतं. १९४८ मध्ये अँगस हटन यांनी ते तमिळनाडूतल्या हाय वेव्ही डोंगरांत पकडलं होतं. नेहमीच्याच एका फळखाऊ वटवाघळाच्या नावाची चिठ्ठी बांधून ते दोन तपं तसंच पडून राहिलं. मग किट्टी थोंगलोंग्या या थायलंडच्या अभ्यासकाने त्याचे दात निरखले. ते वेगळे होते, नेहमीपेक्षा रुंद. जातच नव्हे, प्रजातीही नवी निघाली. १९७२ मध्ये त्यांनी नाव दिलं 'लॅटिडेन्स सालिमअलाय', म्हणजे आपले पक्षितज्ज्ञ सालिम अली. नंतर थायलंडच्या कांचनबुरी भागातल्या गुहांमध्ये किट्टींना जेमतेम दोन ग्रॅम वजनाचं एक वटवाघूळ मिळालं. त्याचं शास्त्रीय वर्णन होण्याआधीच, १९७४ मध्ये ते वारले. ते काम लंडनच्या जॉन एडवर्ड्स हिल यांनी पुरं केलं आणि त्या चिमुकल्या प्राण्याला 'थोंगलोंग्याय' म्हटलं. जगातल्या सर्वांत लहान सस्तन प्राण्यांत त्याची गणना होते. दुसऱ्याचं नाव आदराने लिहिणाऱ्या माणसाचं नाव तिसऱ्याने तितक्याच आदराने लिहिलं. हा शास्त्राचा इतिहास मला शाळेत कोणी सांगितला असता तर लॅटिन नावं पाठ करताना कंटाळा आला नसता.

माणसांची नावं देऊच नयेत, असंही आता ठामपणे म्हटलं जातं. अमेरिकेतल्या पक्षिशास्त्र संस्थेने २०२३ मध्ये जाहीर केलं, की व्यक्तींवरून पडलेली पक्ष्यांची इंग्रजी नावं बदलणार. गुलामगिरीशी आणि आदिवासींच्या संहाराशी जोडलेल्या माणसांची नावं पक्ष्यांना चिकटलेली पाहून ज्यांना वेदना होते त्यांचं म्हणणं मला पटतं. शास्त्रीय नाव मात्र नियमाने सहसा बदलता येत नाही. स्लोव्हेनियाच्या गुहांमधल्या एका आंधळ्या भुंगेऱ्याला १९३७ मध्ये हिटलरचं नाव दिलं गेलं, ते आजही तसंच आहे. त्या नावापायीच शौकीन त्याची चोरटी शिकार करतात. तरीही नावं देण्याची ही रीत मोडू नये, असं मला वाटतं. स्वतःचं नाव स्वतःच्या शोधाला द्यायचं नाही, हा तिच्यातला संकेत मोलाचा आहे. इथे प्रत्येक नावाला दुसऱ्या कोणाची तरी आठवण लागते. कोणाची आठवण ठेवायची, हे मात्र यापुढे विचार करून ठरवायला हवं.

ते ठरवता येतं, हे २०२१ मध्ये दिसलं. महाराष्ट्रात सापडलेल्या उड्या मारणाऱ्या कोळ्यांच्या दोन नव्या जाती अभ्यासकांनी एकाच शोधनिबंधात जाहीर केल्या. त्यातली एक 'इशियस तुकारामी'. सातारा जिल्ह्यातल्या केडंबे गावचे, आधी सैन्यात आणि मग मुंबई पोलिसांत असलेले सहायक फौजदार तुकाराम ओंबळे यांच्यावरून हे नाव आलं. २६ नोव्हेंबर २००८ च्या रात्री गिरगाव चौपाटीच्या नाकाबंदीवर हातात फक्त लाठी असताना त्यांनी दहशतवादी कसाबच्या रायफलीची नळी धरली आणि गोळ्या अंगावर घेऊनही सोडली नाही, म्हणून तो जिवंत हाती लागला. देशाने त्यांना मरणोत्तर अशोकचक्र दिलं. कोळी अभ्यासणाऱ्यांचा ओंबळ्यांशी काही संबंध नव्हता. त्यांच्याकडे द्यायला एक नाव होतं, ते त्यांनी दिलं. त्याच निबंधातल्या दुसऱ्या कोळ्याला त्यांनी आपल्या एका मित्राचं नाव दिलं आहे, आणि दोन्ही नावं त्यात एकत्र छापली आहेत.