लहान गोष्टीला ‘सॅम्पल’ म्हणू नका

काही वर्षांपूर्वी मी एक एकांकिका लिहिली होती. बावीस मिनिटांची. नवरा रात्रपाळीला, बायको दिवसपाळीला. दोघं चितेगावातल्या दोन वेगवेगळ्या कंपन्यांत कामाला, राहायला एक खोली. सकाळी तो घरी येतो आणि ती निघते, या दोन्हींच्या मध्ये दारात दहा मिनिटं मिळतात. त्या दहा मिनिटांत डबा, किल्ली, गॅस संपत आल्याची आठवण आणि जमलंच तर एकमेकांकडे एकदा नीट बघणं. पैठण रोडवर सकाळी कंपनीच्या बसची वाट बघत उभ्या असलेल्या बायका तुम्ही पाहिल्या असतील, तर बाकीची गोष्ट तुम्हीच पूर्ण कराल.

प्रयोग बरा झाला. मग एक अनुभवी गृहस्थ भेटले. म्हणाले, “मटेरियल दमदार आहे लेका. बावीस मिनिटांत वाया कशाला घालतो? दोन अंकी कर.” मी हुरळलो आणि केलं. एक खडूस सुपरवायझर आणला. नवऱ्याला एक विनोदी मित्र दिला. दुसऱ्या अंकात रविवारची सुट्टी काढून दोघांना पैठणच्या ज्ञानेश्वर उद्यानात पाठवलं, तिथं एक गाणंही टाकलं. आता दोघं भरपूर भेटायला लागली. आणि नाटक मेलं. कारण गोष्ट होती ती न भेटण्याची. दहाच मिनिटं मिळतात, हाच तिचा विषय होता आणि तोच मी वाढवून संपवला.

तेव्हापासून “यात मोठ्या फिल्मचं मटेरियल आहे” हे वाक्य कुणी कौतुकानं म्हणालं, की माझं डोकं उठतं.

या वाक्याचं आपल्याकडचं सगळ्यात ठळक उदाहरण म्हणजे ‘गंध’ आणि ‘अय्या’. सचिन कुंडलकरांचा ‘गंध’ २००९ साली आला. एका चित्रपटात तीन स्वतंत्र गोष्टी आणि तिन्हींना बांधणारा एकच धागा, वासाचा. पटकथेसाठी त्याला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला होता. पहिली गोष्ट ‘लग्नाच्या वयाची मुलगी’. चित्रकला महाविद्यालयात नोकरी करणारी, घरी स्थळं बघणं चालू असलेली साधी मुलगी, अमृता सुभाष. कॉलेजातल्या एका विद्यार्थ्याच्या, म्हणजे गिरीश कुलकर्णीच्या, अंगाला येणाऱ्या वासानं ती खुळावते. २०१२ मध्ये हीच गोष्ट घेऊन कुंडलकरांनीच हिंदीत ‘अय्या’ केला. राणी मुखर्जी, पृथ्वीराज, अनुराग कश्यप निर्मात्यांपैकी एक, अमित त्रिवेदीचं संगीत. एका चित्रपटाचा तिसरा हिस्सा असलेली गोष्ट अडीच तासांची झाली.

म्हणजे इथं कुणी कुणाची गोष्ट चोरली नाही. गोष्ट ज्याची, त्यानंच ती वाढवली, आणि तो त्याचा हक्कच आहे. वाढवताना काही चांगलंही आलं. ‘अय्या’तला मुलगा तमिळ आहे. त्यामुळे मराठी मुलगी आणि तो यांच्यात भाषेची भिंत उभी राहते आणि ती बाई त्याच्यासाठी तमिळ शिकायला बघते. मध्यमवर्गीय मराठी मुलगी एका पुरुषाच्या देहाकडे उघडपणे, हावरटपणे बघते आणि कॅमेरा तिच्या बाजूनं उभा राहतो. मुख्य प्रवाहातल्या हिंदी सिनेमात हे किती वेळा दिसतं? या दोन गोष्टींसाठी मी ‘अय्या’ला मनापासून मार्क देतो.

पण उरलेला वेळ कशानं भरला? गाण्यांनी, स्वप्नांनी, चाकाच्या खुर्चीतून सुसाट फिरणाऱ्या आजीनं, कचेरीतल्या चित्रविचित्र मैत्रिणीनं. वास ही पडद्यावर न दिसणारी गोष्ट. ती दाखवायची तर दिग्दर्शकाकडे फक्त एक चेहरा असतो आणि त्या चेहऱ्यावरचा थांबलेला श्वास. ‘गंध’मध्ये अमृता सुभाष तेवढ्यावर गोष्ट तोलून धरते. ‘अय्या’त मीनाक्षीला वास आला, की आपल्याला कळण्याआधीच ढोल वाजायला लागतात. जे आपण हळूच ओळखायचं, ते आपल्या कानात ओरडून सांगितलं जातं. वाढलेल्या लांबीला प्रेक्षक कंटाळेल अशी भीती असते, आणि त्या भीतीपोटी गोष्टीचा आवाज वाढवला जातो. माझ्या नाटकातला विनोदी मित्र याच भीतीतून जन्मला होता.

माझी खरी तक्रार मात्र याच्या पुढची आहे. संग्रहातली गोष्ट एकटी नसते, तिला शेजार असतो. ‘गंध’मध्ये लग्नाच्या मुलीनंतर ‘औषध घेणारा माणूस’ येते. एचआयव्हीबाधित नवरा मिलिंद सोमण, दुरावलेली बायको सोनाली कुलकर्णी. आणि शेवटी ‘बाजूला बसलेली बाई’. कोकणातलं पावसाळी घर, घरात बाळंतपण आणि पाळी आली म्हणून बाजूला बसवलेल्या, मूल नसलेल्या नीना कुलकर्णी. तिला कुठं जाता येत नाही, कशाला शिवता येत नाही. घरातला आनंद तिच्यापर्यंत येतो तो आवाजानं आणि वासानं. आता पहिली गोष्ट पुन्हा आठवून बघा. तिथं वास एका बाईला घराबाहेर खेचतो. तिसरीत वास तेवढाच एका बाईच्या वाट्याला उरतो. पहिल्या गोष्टीतलं हसू तिसऱ्या गोष्टीनंतर घशात अडकतं. हा अर्थ एकाही गोष्टीत सुटा सापडत नाही. तो तिघींच्या मध्ये आहे.

पहिली गोष्ट तिथून उपटून आणली, की ती हलकी पडते. मग तिला वजन यावं म्हणून सामान भरावं लागतं. निर्मात्यांना वाटतं, लहान गोष्ट अपुरी होती म्हणून आपण भर घातली. खरं तर ती पुरी होती. तिचा शेजार आपण तोडला म्हणून ती अपुरी झाली.

“मग काय, लहान गोष्टीवर मोठा सिनेमा करूच नये का?” असं तुम्ही विचाराल. जरूर करावा. हाँगकाँगच्या फ्रूट चॅननं ‘डम्पलिंग्ज’ केलाच की. २००४ च्या ‘थ्री एक्स्ट्रीम्स’ या तीन दिग्दर्शकांच्या भयकथासंग्रहात ती एक छोटी गोष्ट आहे आणि त्याच वर्षी तिचा दीड तासाचा चित्रपटही आला. तारुण्य टिकवण्यासाठी एक श्रीमंत बाई भयंकर सारण भरलेले मोदकासारखे डम्पलिंग खाते. मोठ्या चित्रपटाचा शेवट छोट्यापेक्षा वेगळा आहे. म्हणजे वेळ वाढल्यावर दिग्दर्शकानं गोष्टीला पुन्हा प्रश्न विचारला आणि त्याला वेगळं उत्तर मिळालं. आपल्याकडे ‘श्वास’ आहे, २००४ चाच. माधवी घारपुरे यांच्या कथेवर संदीप सावंतांनी केलेला. शस्त्रक्रियेनंतर नातवाची दृष्टी जाणार, हे आजोबांना कळतं. त्या कथेला मोठं करताना सिनेमानं काय केलं? दवाखान्यातलं ताटकळणं दाखवलं. न कळणारी भाषा बोलणारे डॉक्टर दाखवले. खेड्यातून शहरातल्या दवाखान्यात गेलेल्या कुठल्याही माणसाला विचारा, तिथला वेळ असाच लांबतो. ‘श्वास’ची लांबी गोष्टीच्या पोटातून आली.

आणि नागराज मंजुळे. ‘पिस्तुल्या’ या लघुपटात शाळेची ओढ असलेला एक वंचित समाजातला मुलगा आहे. त्याला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. आता यात मोठ्या फिल्मचं मटेरियल नव्हतं का? नक्कीच कुणालाही दिसलं असतं. पण २०१३ मध्ये मोठा पडदा मिळाल्यावर मंजुळेंनी ‘पिस्तुल्या’ ताणला नाही. ‘फँड्री’ केला. जब्या नावाचा दुसरा मुलगा, काळी चिमणी, शालू, डुकरं आणि शेवटी थेट आपल्या दिशेनं आलेला दगड. पिस्तुल्या झालेला सूरज पवार ‘फँड्री’त आहे, पण जब्याचा मित्र म्हणून. जुन्या गोष्टीला तिच्या जागी राहू दिलं आणि तिच्याच मातीतून नवी उगवली. मला वाटतं, लहान गोष्टीचा मान राखणं यालाच म्हणतात.

म्हणून माझी कसोटी साधी आहे. वाढवलेला वेळ एखादी नवी अडचण उभी करतो का? की आधीच्याच अडचणीवर गाणं बसवतो?

ही भांडणं पूर्वी थोडी तरी समजण्यासारखी होती. थिएटरला तिकीट विकायचं, मध्यंतरात समोसे विकायचे, तर अडीच तास लागायचे. चाळीस मिनिटांच्या गोष्टीला थिएटरात स्वतःचं दुकानच नव्हतं. म्हणून ‘गंध’सारखे तीन गोष्टींचे संग्रह निघायचे. म्हणून २०१५ मध्ये ‘बायोस्कोप’ निघाला, चार दिग्दर्शक आणि चार कवितांवरचे चार लघुपट. त्यातल्या रवी जाधवांच्या ‘मित्रा’ला राष्ट्रीय पुरस्कारही मिळाला. तो आजही तेवढाच आहे आणि तेवढाच पुरतो.

पण आता? तुम्ही हा लेख ज्या फोनवर वाचताय, त्याला मध्यंतर नाही. काळी-पिवळीत बसून शहरात पोचेपर्यंत एक गोष्ट पूर्ण बघता येते. म्हणजे लांबीची सक्ती उठली आहे. तरी आपण काय करतोय? वीस मिनिटांची गोष्ट आठ भागांच्या मालिकेत कोंबतोय आणि दीडपट वेगानं बघून संपवतोय. आधी बनवणाऱ्यानं ताणायचं, मग बघणाऱ्यानं आवळायचं. हा कसला धंदा?

यात आपल्यासारख्यांचं नुकसान जास्त आहे. शहरापासून लांब राहणाऱ्या, पाळीत काम करणाऱ्या माणसांच्या गोष्टी बहुतेक वेळा लहानच मिळतात. एक स्पर्धा, एक लघुपट, संग्रहातला एक तुकडा. त्या तुकड्याला ‘सॅम्पल’ म्हटलं, की त्या माणसांच्या आयुष्यालाही आपण सॅम्पल म्हणतो. मोठं व्हायचं तर त्यांना मग गाणं लागतं, व्हिलन लागतो, हिंदी लागते. रात्रपाळी आणि दिवसपाळी पुरत नाही.

मी माझे दोन अंक फाडून टाकले. सुपरवायझर गेला, विनोदी मित्र गेला, ज्ञानेश्वर उद्यान गेलं. एकांकिका पुन्हा बावीस मिनिटांची आहे. मागच्या प्रयोगानंतर कंपनीत जाणारी एक ताई थांबली आणि म्हणाली, “भाऊ, ती बाहेर पडताना किल्ली विसरती ना, मी पण तशीच परत येते. मुद्दाम विसरते मी कधीकधी.”

हे मी लिहिलेलंच नव्हतं. माझ्या दोन अंकी नाटकात तिला हे सांगायला जागाच उरली नसती.