मूळ राखून फेरफार

संगणकावरील खेळ हा काय शाळेच्या वार्षिकात लिहिण्याचा विषय आहे, असा प्रश्न काही पालकांच्या मनात येईल, आणि तो अगदीच गैर आहे असे मी म्हणणार नाही. खेळाच्या नादाने अभ्यासाची हेळसांड झाल्याची उदाहरणे घरोघरी सापडतात. त्यांची तरफदारी करण्याचा माझा हेतू नाही. परंतु आपली मुले हे खेळ नुसते खेळून थांबत नाहीत, त्यांत आपल्या मनाजोगे फेरफारही करू लागली आहेत, ही गोष्ट वडीलधाऱ्यांच्या फारशी ध्यानात आलेली दिसत नाही. खेळणे वेगळे आणि खेळाची घडण बदलणे वेगळे. या दुसऱ्या उद्योगात बुद्धीला चांगले वळण लागते की वाईट, हे तो कोणत्या पद्धतीने केला यावर अवलंबून असते. फेरफाराची हौस वाईट नव्हे. मूळ न राखता, नोंद न ठेवता आणि दुसऱ्याच्या श्रमांची जाण न बाळगता केलेला फेरफार वाईट, एवढेच मला येथे सांगावयाचे आहे.

ज्यांना हा विषय अपरिचित आहे त्यांच्यासाठी प्रथम दोन शब्द. खेळाच्या मूळ कर्त्याखेरीज इतरांनी तयार केलेली जी जोड त्या खेळाला लावता येते, तिला ‘मॉड’ म्हणतात. मॉडमुळे एखादे चित्र बदलते, एखादे नवे पात्र येते, नवे पीक किंवा नवा गाव खेळात दाखल होतो. उदाहरणादाखल मी ‘स्टारड्यू व्हॅली’ हा खेळ घेतो, कारण तो आमच्या विद्यार्थ्यांत प्रिय आहे आणि त्यात कापाकापीपेक्षा नांगरणी-पेरणी अधिक आहे. शहरातील नोकरीला विटलेला एक जीव आजोबांनी मागे ठेवलेल्या पडीक शेतावर येतो आणि ते शेत पुन्हा उभे करतो, असे त्याचे कथानक. एरिक बॅरोन या अमेरिकन तरुणाने त्याची चित्रे, संगीत, लेखन व प्रोग्रॅम ही सारी कामे चार वर्षांहून अधिक काळ एकट्याने केली, आणि 26 फेब्रुवारी 2016 रोजी हा खेळ प्रसिद्ध झाला. तेव्हापासून जगभरच्या हौशी मंडळींनी त्याला हजारो मॉड जोडले आहेत.

सुरुवातीला हे फेरफार करण्याची रीत ओबडधोबड होती. खेळाच्या ‘कंटेंट’ फोल्डरात एक्सएनबी प्रकारच्या फाइली असतात. त्यांतली एक काढावयाची व तिच्या जागी आपली ठेवावयाची, की झाला मॉड! मूळ फाइल गेली ती गेली. खेळाची नवी आवृत्ती आली की एकतर आपला बदल पुसला जाई, नाहीतर जुनी फाइल आणि नवा खेळ यांचे न जमल्याने खेळ बंद पडे. दोन मॉडांनी एकच फाइल बदलली असेल, तर नंतरचा आधीच्याला गिळून टाकी. मराठीच्या विद्यार्थ्याला ही आपत्ती नवी वाटू नये. ज्ञानेश्वरीच्या नकला होता होता नकलाकारांच्या पदरचे पाठ मूळ ग्रंथात इतके मिसळले की, शके 1506 मध्ये, म्हणजे इ. स. 1584 साली, एकनाथ महाराजांना ती प्रत शुद्ध करण्याचे कष्ट घ्यावे लागले. भर घालणाऱ्यांपैकी पुष्कळांचा हेतू भक्तीचाच असेल. तथापि मूळ कोठे संपते व भर कोठे सुरू होते याची खूण राहिली नाही, हा खरा दोष.

पुढे रीत सुधारली. ‘स्मॅपी’ नावाची एक साहाय्यक प्रणाली खेळाच्या मूळ फाइलींना हात न लावता खेळ सुरू होताना मॉड त्यात चढविते. ‘कंटेंट पॅचर’ हा मॉड नवी चित्रे व नवा मजकूर मूळ फाइल न बदलता तिच्यावर बसवितो. मॉड काढला की मूळ चित्र जसेच्या तसे समोर येते. याच विचाराची पुढची पायरी म्हणजे मॉड मॅनेजर. व्हॉर्टेक्स, मॉड ऑर्गनायझर, स्टारड्रॉप ही अशा मॅनेजरांची नावे. कोणता मॉड आणला, कोणत्या आवृत्तीचा आणला, तो चालू आहे की बंद, याची खतावणी ते ठेवतात.

यांच्या कामाची रीत समजून घेतली तर निम्म्या अडचणी आपोआप सुटतात. व्हॉर्टेक्स मॉडच्या फाइली आपल्या वेगळ्या फोल्डरात सांभाळतो आणि खेळाच्या फोल्डरात त्याच फाइलींची दुसरी नावे नोंदवितो. या दुव्याला हार्डलिंक म्हणतात. एकाच मुलाला घरी एका नावाने हाक मारावी आणि शाळेच्या पटावर त्याचे दुसरे नाव असावे, तसा हा प्रकार. परंतु असा दुवा डिस्कच्या एकाच विभागात जोडता येतो. खेळ ‘डी’वर आणि मॉडांचे फोल्डर ‘सी’वर असेल तर ही जोडणी होत नाही. कित्येक मुले येथेच अडतात आणि दोष मात्र बिचाऱ्या मॉडला देतात! मॉड ऑर्गनायझरची तऱ्हा याहून निराळी. खेळ चालू असेपर्यंतच तो मॉड खेळाच्या दृष्टीस पाडतो. खेळाचे स्वतःचे फोल्डर कोरेच राहते.

उभारणीचा क्रमही साधा आहे. एकही मॉड न घालता खेळ सुरू करून तो नीट चालतो याची खात्री करावी. जतन केलेल्या खेळाची प्रत दुसऱ्या ठिकाणी ठेवावी. त्यानंतर स्मॅपीची झिप फाइल पूर्णपणे उलगडून मगच ती बसवावी. झिपच्या आतूनच ती चालविण्याची घाई करू नये. मग एक मॉड घालावा, खेळ चालवून पाहावा, आणि तो चालला तरच दुसऱ्याकडे वळावे. एका मॉडला चालण्यासाठी आणखी कोणते मॉड लागतात हे त्याच्या पानावर लिहिलेले असते. ते न वाचता वरचा मॉड घालणे म्हणजे आधी कळस मग पाया. शिवाय एका घरात दोन कारभारी असू नयेत. काही मॉड मॅनेजरकडून आणि काही हाताने घातले, की एकाच मॉडच्या दोन प्रती खेळाच्या फोल्डरात जमतात आणि कोणती खरी असा तंटा उभा राहतो.

इतकी काळजी घेऊनही बिघाड होतोच. खरी परीक्षा तेथे आहे. 19 मार्च 2024 रोजी ‘स्टारड्यू व्हॅली’ची 1.6 ही आवृत्ती आली आणि पुष्कळ जुने मॉड तिच्याशी जुळेनासे झाले. त्या सुमारास आमच्या नववीतील एका विद्यार्थिनीचे दोन वर्षे जोपासलेले शेत उघडेना. तिच्याजवळ 32 मॉड होते. “सगळे पुसून टाक आणि नव्याने सुरू कर,” असा सल्ला तिच्या थोरल्या भावाने दिला. हा सल्ला सर्वत्र ऐकू येतो. त्यातून आपण काहीच शिकत नाही. आणि मॉडांनी दिलेल्या वस्तू शेतात असतील, तर मॉड जाताच त्या वस्तूही निकामी होतात.

त्या मुलीने मात्र प्रथम स्मॅपीची नोंदवही वाचली. खेळ सुरू होताना जी काळी खिडकी उघडते, तिच्यात तांबड्या अक्षरांत कोणता मॉड का वगळला हे लिहिलेले असते. आमची मुले ती खिडकी दिसताच मिटवून टाकतात. परीक्षेची उत्तरपत्रिका परत मिळाली की केवळ गुण पाहावेत आणि शिक्षकांचे शेरे वाचूच नयेत, त्यातलाच हा प्रकार. नोंदीवरून तिला कळले की दोन मॉड जुने आहेत व एकाला लागणारा आधारमॉड नाही. ते दुरुस्त केले, तरी शेत उघडेना. मग तिने शेताची प्रत घेऊन त्या प्रतीवर अर्धे मॉड बंद केले. बिघाड टिकला, म्हणजे दोषी उरलेल्या 16 मध्ये. पुन्हा अर्धे केले. 32 चे 16, 16 चे 8, मग 4, मग 2, आणि शेवटी 1. एकच मॉड दोषी असेल तर 32 मधून तो पाच चाचण्यांत हाती लागतो. एकेक काढीत बसले असते तर 31 पर्यंत चाचण्या लागल्या असत्या. परस्परांवर अवलंबून असलेले मॉड एकाच गटात ठेवावे लागतात, एवढे पथ्य मात्र सांभाळावे लागते. सापडलेला मॉड असा निघाला की ज्यावर कोणीच संशय घेतला नव्हता. तर्कावर विसंबून चालले असते, तर चोर सोडून संन्याशाला सूळ मिळाला असता!

विज्ञानाच्या तासाला आम्ही ‘एका वेळी एकच गोष्ट बदलावी’ असे फळ्यावर लिहितो, आणि विद्यार्थी ते वहीत उतरवून घेतात. त्या वाक्याचा अर्थ त्या मुलीला त्या सायंकाळी कळला, असे माझे मत आहे.

साहाय्य मागण्यातही अशीच एक शिस्त आहे. “माझा खेळ चालत नाही, काय करू?” हा प्रश्नच नव्हे. खेळाची आवृत्ती कोणती, मॉड कोणते, बिघाडापूर्वी शेवटचा बदल काय केला, नोंदवहीत काय लिहिले आहे, हे सांगितले तर अनोळखी माणूसही मदत करू शकतो. पुष्कळदा असा प्रश्न लिहिता लिहिताच उत्तर सापडते.

आता दोन गोष्टी नीतीच्या आणि सावधगिरीच्या. बहुतेक मॉड विनामूल्य मिळतात, म्हणून ते बेवारस आहेत असे समजू नये. कोणीतरी रात्री जागून ते रचलेले असतात, व आपले काम इतरांनी वापरावे की नाही, कसे वापरावे, हे कर्त्याने त्याच्या पानावर सांगितलेले असते. दुसऱ्याचे चित्र उचलून आपल्या नावावर खपविणे ही चोरीच. त्याचप्रमाणे, वाटेल तेथून फाइल उतरवून घेण्यात मोठा धोका आहे. जून 2023 मध्ये ‘माइनक्राफ्ट’ या खेळाच्या काही मॉडांत ‘फ्रॅक्चरायझर’ नावाचा घातक प्रोग्रॅम आढळला. तो कर्सफोर्ज व बकिट या प्रसिद्ध ठिकाणांवरून पसरला आणि ब्राउझरात साठवलेली प्रवेशाची माहिती चोरीत असे. प्रसिद्ध ठिकाणीही जर असे घडू शकते, तर अप्रसिद्ध ठिकाणची गोष्टच नको. व्हायरसप्रतिबंधक प्रणालीने तक्रार केली तर ती प्रणालीच बंद करावयाची, ही खोड मुलांनी सोडून द्यावी, आणि पालकांनीही त्याकडे लक्ष द्यावे.

येथे आक्षेप येईल की, ही शिस्त शिकण्यासाठी खेळच कशाला हवा? घरचा जमाखर्च लिहूनही ती शिकता येईल. आक्षेप खरा आहे. मॉड मांडण्यातच दिवसचे दिवस घालविणारी आणि खेळ बाजूलाच राहिलेली मुले मी पाहिली आहेत. त्यांना वेळेची मर्यादा घालून देणे हे घरच्या मंडळींचे कर्तव्यच आहे. परंतु मुलाला ज्यात गोडी आहे त्यातूनच पद्धत शिकविणे सोपे जाते, हा शिक्षकांचा नित्याचा अनुभव आहे. “बंद कर ते!” असे म्हणण्याआधी, “काय बिघडले आहे, आणि तू ते कसे शोधतोस?” असे एकदा विचारून पाहावे. उत्तर ऐकून मग काय तो निर्णय घ्यावा.

शेवटी, आमच्याशी निकटचा संबंध असलेली एक गोष्ट. आम्ही गोव्यातली माणसे घरी कोकणी बोलतो आणि मराठीतून शिकतो. खेळ मात्र इंग्रजीतून खेळतो. 2024 च्या 1.6 आवृत्तीत ‘स्टारड्यू व्हॅली’ 12 भाषांत उपलब्ध होता. त्यांत भारतीय भाषा एकही नव्हती. तथापि 2021 साली आलेल्या 1.5.5 आवृत्तीपासून कोणालाही नवी भाषा मॉडच्या रूपाने जोडता येते. हे काम सोपे नाही. खेळात अक्षरे लहान लहान चित्रांप्रमाणे एकापुढे एक मांडली जातात. आमची ऱ्हस्व वेलांटी अक्षराच्या मागे बसते आणि जोडाक्षर तर नवेच रूप घेते. शिवाय नांगर, वाफा, लावणी, मळणी यांसाठी नेमके शब्द हवेत, आणि ते आजी-आजोबांनाच विचारावे लागतील. पण एका माणसाने जर सबंध खेळ एकट्याने रचला, तर आपल्या चार-पाच विद्यार्थ्यांनी मिळून त्यातील एका गावाला तरी मराठीत किंवा कोकणीत बोलते करावे, ही अपेक्षा अवाजवी नाही.

विद्यार्थिमित्रहो, दुसऱ्याने रचलेल्या जगात तुम्ही आज भर घालू शकता. हा अधिकार तुमच्या आजोबांना नव्हता. तो वापरताना मूळ राखा, केलेल्या प्रत्येक बदलाची नोंद ठेवा, बिघडले तर कारण शोधून काढा, आणि ज्याच्या खांद्यावर उभे आहात त्याचे नाव घ्या. एवढे साधले, तर खेळात घातलेले तास फुकट गेले असे निदान मी तरी म्हणणार नाही.