पक्षी कंपनीचे, मरतूक माझी

मा. केंद्रीय पशुसंवर्धन मंत्री, भारत सरकार, यांस


एकविसाव्या पशुगणनेच्या वेळी आमच्या शेडवर एक प्रगणक मुलगी आली होती. जाळीतून डोकावून तिने विचारलं, "काका, पक्षी किती?" म्हटलं, पाच हजार. तिने मोबाइलमध्ये आकडा टाकला. मी म्हटलं, "पण बाई, यातला एकही माझा नाही." ती हसली. तिला वाटलं, म्हातारा गंमत करतोय.

गंमत नव्हती. पिल्लू कंपनीचं, खाद्य कंपनीचं, औषध कंपनीचं. शेड माझी, वीजबिल माझं, खाली पसरायचा तूस माझा, आणि ब्रूडरखाली ऊब आहे ना म्हणून रात्री दोनदा उठणं माझ्या बायकोचं. चाळीसेक दिवसांनी गाडी येते, काटा होतो, किलोमागे ठरलेला संगोपन दर मिळतो.

या करारपद्धतीला मी सरसकट शिव्या घालणार नाही. स्वतःच्या पैशाने पिल्लं टाकणाऱ्या माझ्या थोरल्या भावाची फेब्रुवारी २००६ मध्ये नवापूरला बर्ड फ्लू निघाल्यावर काय गत झाली, ते मी पाहिलंय. करारात बाजारभावाचा फटका थेट आपल्या अंगावर येत नाही. पण २०२० मध्ये चिकनमधून कोरोना होतो अशी आवई उठली, तेव्हा कंपनीने नवी पिल्लं टाकलीच नाहीत. तीन महिने शेड रिकामी, बँकेचा हप्ता चालू.

आपल्या खात्याचा वार्षिक अहवाल सांगतो की देशातलं मांस उत्पादन २०१८-१९ मध्ये ८१ लाख टन होतं, ते २०२२-२३ मध्ये जवळपास ९८ लाख टनांवर गेलं. त्यात निम्म्याच्या आसपास वाटा कोंबडीचा. वाचून बरं वाटतं. जिवंत वजनाचे पन्नासेक टन तर आमच्याच शेडमधून जातात! मग मी मे महिन्यातल्या बॅचचा कागद काढतो.

त्या बॅचला छत्तिसाव्या दिवशी दुपारी वीज गेली. फॉगर बंद, पंखे बंद. आम्ही गोणपाटं भिजवून जाळ्यांवर टाकत राहिलो, तरी संध्याकाळपर्यंत ३१० पक्षी गेले. ते पुरताना मला हिशेब कळला नव्हता, सुपरवायझरने समजावला. लहानपणी मेलेलं पिल्लू फार खाऊन जात नाही. छत्तीस दिवसांचा पक्षी मात्र तीन किलो खाद्य खाऊन मरतो आणि काट्यावर त्याचं वजन शून्य. म्हणजे एक किलो वजनाला लागणारं खाद्य वाढलं, म्हणजे एफसीआर बिघडला, म्हणजे कपात. साडेसहाचा दर सव्वाचारवर आला. पक्षी कंपनीचे, मरतूक तेवढी माझी.

करार इंग्रजीत होता. कपातीचा तक्ता मला तो हिशेब झाल्यावर दिसला.

राज्य सरकारने जुलै २०२५ मध्ये पशुसंवर्धनाला शेतीचा दर्जा दिला. पंचवीस हजार मांसल पक्ष्यांपर्यंतच्या शेडला त्याचा लाभ आहे, विजेचा दर उतरेल, त्याबद्दल आभार. पण वीज स्वस्त झाली तरी संगोपन दर कोण ठरवतो, शेजारच्या तालुक्यात तो किती आहे, हे आम्हाला चहाच्या टपरीवरच कळतं. कांद्याचा भाव रोज बाजार समितीच्या फळ्यावर लागतो. आमच्या मजुरीला फळा नाही.

माझं मागणं मोठं नाही. कंपन्यांकडून माहिती घेऊन जिल्हावार संगोपन दर आणि सरासरी कपात दर वर्षी छापा, आणि कपातीचा तक्ता पिल्लं उतरण्याआधी मराठीत हातात देणं बंधनकारक करा. किती टन, हे आपण छापताच. ते टन वाढवणाऱ्याला किलोमागे काय मिळालं, एवढा एक रकाना पुढच्या अहवालात घाला.

आपला,
एक करारावरचा कुक्कुटपालक, जि. रायगड