भोपळ्याच्या परीक्षेत भोपळा!

बालमित्रांनो,

परीक्षेत भोपळा मिळाला की पोटात कसा गोळा येतो, ते तुम्हांला सांगायला नको. पण गंमत म्हणजे तुमच्या या गुरुजींनाही एकदा भोपळा मिळाला होता. आणि तोही चक्क भोपळ्याच्याच परीक्षेत! ऐका तर.

सहा वर्षांपूर्वी माझी बदली साताऱ्याच्या माण तालुक्यातून सिंधुदुर्गात झाली. माणातल्या शाळेत आम्ही कुंपणालगत लाल भोपळा लावायचो. पहिला चांगला पाऊस झाला की बी टोचायचं, वेल जमिनीवर सोडून द्यायचा आणि दिवाळीच्या सुमारास सहा-सात किलोचे भोपळे घरी न्यायचे. एवढं सोपं! म्हणून निघताना मूठभर बी पुडीत बांधून सोबत घेतलं.

कोकणात शाळा उघडताच तेच बी टोचलं. चौथीतल्या एका मुलाकडे वेलाची जबाबदारी दिली. पोरगं मोठं कष्टाळू. शेणखत घालायचं, तण काढायचं, रोज पानं मोजायचं. 'गणपतीत आमच्या भोपळ्याचे घारगे करायचे,' असं त्यानं आईला सांगूनही टाकलं होतं.

वेल फोफावला. पानं छत्रीएवढी झाली. पण चिमुकले भोपळे दिसायचे आणि चार दिवसांत पिवळे पडून गळायचे. दोन कसेबसे मोठे झाले, तर ओल्या मातीला टेकून खालून कुजले. गणपती आले, भोपळा नाहीच. मुलगा हिरमुसून म्हणाला, "गुरुजी, माझ्या हाताला गुणच नाही."

मुलांनो, मला फार वाईट वाटलं. चूक कुणाची होती? त्याची मुळीच नाही. माझी होती! माणात वर्षाचा पाऊस ५०० मिलिमीटरच्या आसपास. सिंधुदुर्गात तो ३००० मिलिमीटरच्या वर जातो. पाऊस सहापट आणि माझी रीत मात्र तीच!

शेजारच्या आजी हसून म्हणाल्या, "गुरुजी, ह्या बियाणा घाटावरला. हयच्या पावसात कसा टिकतला?" त्यांनी स्वतःच्या माळ्यावरच्या भोपळ्याचं बी दिलं.

पण आपण पडलो शाळेतले. नुसतं ऐकून कसं चालेल? पुढच्या वर्षी आम्ही प्रयोगच केला. मातीचे उंच ढीग केले, म्हणजे पाणी साचणार नाही. शेजारी शेजारी चार वेल घाटावरचे, चार आजींच्या बियाचे. दोन्ही एकाच दिवशी लावले, दोन्ही मांडवावर चढवले. नोंदवही अर्थातच त्याच मुलाकडे.

आता फळं का गळत होती, ते समजून घ्या. भोपळ्याच्या एकाच वेलावर नर आणि मादी अशी दोन तऱ्हेची फुलं येतात. मादी फुलाच्या मागे इवलासा भोपळा असतो, नर फुलाला नुसता देठ. नराचा पराग मादीपर्यंत नेतात मधमाश्या. मुसळधार पावसात मधमाश्या येणार कशा? शिवाय पराग भिजून वाया जातो. मग फळ धरत नाही. यावर उपाय सोपा आहे. फुलं पहाटे उमलतात आणि दुपारच्या आत मिटतात. तेव्हा सकाळी लवकर, पावसाची उघडीप साधून, नर फूल तोडायचं, पाकळ्या काढायच्या आणि मधला पिवळा भाग मादी फुलात हलकेच टेकवायचा. झालं! उरलेल्या नर फुलांची भजी करायला आईला सांगा, बरं का.

त्या वर्षी आजींच्या चार वेलांना नऊ भोपळे लागले. घाटावरच्या चार वेलांना दोनच, कारण पानांवर डाग पडून ती भराभर करपली. म्हणजे निम्मं काम रीतीनं केलं आणि निम्मं बियानं. गणपतीत घारगे झाले, हे वेगळं सांगायला नको!

पण गोष्ट इथंच संपत नाही. उरलेलं घाटावरचं बी आम्ही भाताची कापणी झाल्यावर डिसेंबरात लावलं. कोरडी हवा, बेतानं पाणी. आणि काय सांगू, तेही छान लागलं! बी वाईट नव्हतंच. त्याचा ऋतू चुकला होता.

तेव्हा भोपळा लावण्यापूर्वी या तीन गोष्टी पाहा.

पाऊस किती? फार असेल तर उंच ढीग, मांडव आणि त्याच गावात टिकलेलं बी. फळ जमिनीवर असेल, तर खाली भाताचा पेंढा घाला.

ऊन आणि थंडी किती? विदर्भ-मराठवाड्यात उन्हाळी भोपळा जानेवारी-फेब्रुवारीतच लावा. उशीर झाला की कडक उन्हात नर फुलंच जास्त येतात. आणि कडाक्याच्या थंडीत बी नीट उगवत नाही. थंड गावांनी ती ओसरू द्यावी.

जागा किती? अंगण लहान असेल तर दिल्लीच्या कृषी संशोधन संस्थेची 'पुसा विकास' ही जात पाहा. तिचे वेल आखूड, फळं साधारण दोन किलोची. बंगळुरूच्या संस्थेची 'अर्का चंदन' दोन-तीन किलोची, गोड गराची. 'पुसा विश्वास' मात्र पाच किलोच्या आसपास भरते, तिला ऐसपैस जागा हवी. दुकानातून बी घेताना पुडीवर 'संकरित' लिहिलंय का, ते वाचा. संकरित भोपळ्याचं बी ठेवून पुन्हा लावलं, तर तसाच भोपळा येईल याची खात्री नसते.

आणि पालकांनो, एक विनंती. मुलाचा वेल वाळला, तर 'तुला काही जमतच नाही' असं पटकन म्हणू नका. बी कुठलं होतं, कधी लावलं, पाऊस किती झाला, ते त्याच्यासोबत बसून आधी पाहा.

तो मुलगा आता हायस्कुलात आहे. दर मे महिन्यात राखेत घोळवलेलं बी शाळेत आणून देतो. बाटलीवर चिठ्ठी असते : 'पावसाळी' किंवा 'हिवाळी'.

मग या रविवारी काय कराल? गावातल्या एखाद्या आजीला गाठा आणि विचारा, "आजी, तुमच्याकडचा भोपळा कधी लावता?" उत्तर वहीत लिहून ठेवा, आणि मिळालं तर चार बियाही मागून घ्या.

तुमचे,
गुरुजी