बिघडलेला दिवा आणि कुलूपबंद माहिती

मोटारीचा जुना दिवा बिघडला की तो विझत असे. बल्बमधला तंतू तुटे, एका बाजूला काळोख होई, आणि मालक वाटेतल्या पहिल्याच गॅरेजपाशी गाडी थांबवून नवा बल्ब बसवून घेई. प्रकरण तिथेच मिटे. आजच्या अनेक गाड्यांमधला अनुकूली दिवा, म्हणजेच अ‍ॅडॅप्टिव्ह हेडलाइट, रस्त्याच्या वळणाबरोबर वळतो आणि गाडीवरील भारानुसार आपला झोत खाली-वर करतो. तो बिघडला तरी बहुधा विझत नाही. पूर्वीच्याच तेजाने जळत राहतो, फक्त त्याची दिशा चुकते. त्या चुकीचा पहिला फटका समोरून येणाऱ्याच्या डोळ्यांना बसतो. गाडीच्या मालकाला कित्येकदा आपला दिवा नेहमीपेक्षा चांगला दिसतो आहे असेच वाटते.

म्हणूनच या दिव्याचे निदान आणि दुरुस्ती हा केवळ मालक आणि गॅरेज यांच्यातला व्यवहार राहत नाही. तो सार्वजनिक सुरक्षेचा प्रश्न होतो. या प्रश्नाकडे आपल्या देशात पुरेशा गांभीर्याने पाहिले जात नाही.

कल्पना तशी जुनी आहे. १९४८ च्या अमेरिकी टकर मोटारीला मध्यभागी तिसरा दिवा होता आणि तो स्टिअरिंगबरोबर वळत असे. १९६७ मध्ये फ्रान्समधील सित्रोएन कंपनीने आपल्या डीएस मोटारीत काचेआड वळणारे दिवे आणले. तिथे स्टिअरिंग आणि दिवा यांना केबलने जोडलेले होते, त्यामुळे बिघाड डोळ्यांनी पाहता येई. आताच्या रचनेत केबलची जागा संकेतांनी घेतली आहे. चाक किती वळले, वेग किती, गाडी स्वतःभोवती किती वेगाने फिरते आहे, मागची बाजू किती दबली आहे, हे सारे सेन्सर मोजतात. नियंत्रक त्यावरून हिशेब करतो आणि दिव्यातील छोट्या मोटरला आज्ञा देतो. त्यापुढची पायरी म्हणजे कॅमेऱ्याने समोरची वाहने ओळखून झोताचा नेमका तेवढाच भाग काळा करणारे एलईडी दिवे. अमेरिकेने अशा दिव्यांना २०२२ मध्ये परवानगी दिली. युरोपात ते त्याआधीपासून रस्त्यावर आहेत.

दिशा थोडीशी चुकल्याने एवढे काय बिघडते, असे कोणी विचारील. उत्तरासाठी शालेय भूमिती पुरे. डिपरचा झोत सर्वसाधारणपणे एक टक्का खाली झुकवलेला असतो, म्हणजे दहा मीटर अंतरावर दहा सेंटिमीटर खाली. दिवा जमिनीपासून ६५ सेंटिमीटर उंचीवर असेल, तर झोताची वरची कड ६५ मीटरवर रस्त्याला टेकते. आता मागे तीन माणसे बसली, डिकीत सामान भरले आणि गाडीची मागची बाजू पाच सेंटिमीटर दबली असे समजू. पुढच्या आणि मागच्या चाकांत २६० सेंटिमीटर अंतर असेल, तर गाडीचे नाक सुमारे १.९ टक्क्यांनी वर उचलले जाते. एक टक्का खाली असलेला झोत आता ०.९ टक्के वर जातो. त्याची कड ५० मीटरवर १११ सेंटिमीटर उंचीवर असते आणि ६० मीटरवर सुमारे १२० सेंटिमीटरवर. मोटार चालवणाऱ्याचे डोळे साधारण याच उंचीवर असतात.

याच कारणासाठी २००० ल्युमेनहून अधिक प्रखर डिपरला झोताची पातळी आपोआप राखणारी यंत्रणा हवी, असा दंडक संयुक्त राष्ट्रांच्या वाहननियमावलीत दीर्घकाळ राहिला आहे. नेहमीच्या एच-४ हॅलोजन बल्बच्या डिपरमधून सुमारे १००० ल्युमेन प्रकाश निघतो, तर झेनॉन दिव्यातून सुमारे ३२००. दिवा जितका तेजस्वी, तितकी त्याची दिशा सांभाळण्याची जबाबदारी मोठी.

ही जबाबदारी ज्याच्यावर आहे, तो भाग मात्र अगदी साधा आहे. मागच्या सस्पेन्शनच्या दांडीला, आणि काही गाड्यांत पुढेही, बोटभर लांबीच्या दुव्याने एक छोटा सेन्सर जोडलेला असतो. सस्पेन्शन दबले की दुवा हलतो आणि सेन्सरचा संकेत बदलतो. हिमालयातील रस्त्यांवरचे दगड, गंगेच्या खोऱ्यातला चिखल, किनारपट्टीवरची खारी हवा आणि देशभरातले खड्डे या सर्वांचा मारा नेमका याच ठिकाणी होतो. दुवा निसटतो, कनेक्टरमध्ये पाणी शिरते, वायर गंजते किंवा उंदीर ती कुरतडतो.

बिघाड कळण्याची पद्धतही समजून घेण्याजोगी आहे. अशा सेन्सरला बहुधा तीन तारा असतात: पाच व्होल्टचा पुरवठा, अर्थिंग आणि संकेत. अनेक रचनांत निरोगी संकेत साधारण अर्धा ते साडेचार व्होल्ट या मर्यादेत फिरतो. वायर तुटली किंवा शॉर्ट झाली, की संकेत शून्याला किंवा पाचला चिकटतो. नियंत्रकाला ते अशक्य वाटते, डॅशबोर्डवर इशारा पेटतो आणि अनेक गाड्यांत झोत सावधगिरी म्हणून खाली उतरवला जातो. समोरच्याचे डोळे वाचतात, पण चालकाची दृष्टी आखूड होते. झोत अडीच टक्के खाली गेला तर ६५ सेंटिमीटर उंचीचा दिवा केवळ २६ मीटर रस्ता उजळतो. ताशी ८० किलोमीटर वेगाने हे अंतर सव्वा सेकंदाच्या आत संपते. त्या वेगासाठी भारतीय रस्ते काँग्रेसने थांबण्यास लागणारे दृष्टीअंतर १२० मीटर धरले आहे.

यापेक्षा घातक प्रकार वेगळाच आहे. दुवा निसटला, सेन्सरची पट्टी वाकली किंवा सस्पेन्शनच्या कामात तो भाग थोडा तिरका बसला, तर संकेत अडीच व्होल्टवर स्थिर राहू शकतो. अडीच व्होल्ट हे पूर्णपणे शक्य असलेले मूल्य आहे. नियंत्रक त्यावर विश्वास ठेवतो, इशारा पेटत नाही आणि भरलेली गाडी रिकामी समजून झोत वरच राहतो. यंत्राला अशक्य मूल्य ओळखता येते. चुकीचे पण शक्य मूल्य ओळखण्यासाठी बाहेरून कोणीतरी मोजमाप करावे लागते. विज्ञानाच्या प्रत्येक विद्यार्थ्याला प्रयोगशाळेत शिकवला जाणारा उपकरणातील पद्धतशीर दोष इथे रस्त्यावर भेटतो.

म्हणून या दिव्याचे निदान हे एका शिस्तबद्ध प्रयोगासारखे व्हायला हवे. आधी टायरमधील हवा तपासावी, गाडी सपाट जागी भिंतीसमोर दहा मीटरवर उभी करावी, चालकाच्या जागी एक माणूस बसवावा आणि झोताची कड दिव्याच्या मध्यापेक्षा किती खाली पडते ते मोजावे. अनेक गाड्यांत दिव्याजवळच्या पट्टीवर अपेक्षित टक्का छापलेलाही असतो. मग मागे दोन-तीन माणसे बसवावीत. कड क्षणभर वर जाऊन काही सेकंदांत मूळ जागी परतली, तर पातळी राखणारी यंत्रणा जिवंत आहे. ती वरच राहिली, तर बिघाड आहे. तो कुठे आहे हे अद्याप ठरलेले नाही.

इंजिन सुरू करताना किंवा दिवे लावताना पुष्कळ गाड्यांचे झोत एकदा खाली-वर होऊन स्थिरावतात. ती हालचाल दिसली तर दिव्यातील मोटर बहुधा ठीक आहे आणि शोध सेन्सरकडे वळतो. तिथे दुव्याची दांडी हाताने हळूहळू हलवून मल्टिमीटरवर व्होल्ट पाहावेत. संकेत अखंड बदलत गेला तर सेन्सर चांगला, मधेच उड्या मारू लागला तर झिजलेला. एकाच वेळी अनेक इशारे पेटले असतील, तर नियंत्रकांना जोडणाऱ्या ‘कॅन’ या संदेशवाहिनीवर संशय घ्यावा. तिच्या दोन्ही टोकांना १२० ओहमचे रोध असतात, म्हणून वीजपुरवठा बंद असताना दोन तारांमध्ये सुमारे ६० ओहम मोजले गेले पाहिजेत. १२० आले, तर एखादे टोक तुटले आहे. या साऱ्या तपासणीला स्वस्तातला मल्टिमीटर, टेप आणि थोडा धीर एवढेच लागते.

प्रत्यक्षात मात्र बहुधा असे घडत नाही. स्कॅनर लावला जातो, दोषसंकेत वाचला जातो आणि त्यात दिव्याचा उल्लेख आला की अख्खा दिवाच बदलण्याचा सल्ला मिळतो. दोषसंकेत ही साक्ष आहे, निकाल नव्हे. ‘डाव्या दिव्याकडून उत्तर नाही’ या साक्षीचा अर्थ दिवा गेला, वायर तुटली किंवा कनेक्टर ओला झाला, यांपैकी काहीही असू शकतो. महागड्या गाड्यांत एका दिव्याची किंमत लाखाच्या पुढे जाते. साहजिकच अनेक मालक दुरुस्तीचा विचारच सोडतात आणि डॅशबोर्डवरच्या पिवळ्या इशाऱ्याची डोळ्यांना सवय करून घेतात.

ज्या कुशल मेकॅनिकला खरा दोष सापडतो, त्याची वाट तरी कुठे मोकळी आहे? नवा सेन्सर बसवला म्हणजे दुरुस्ती पूर्ण होत नाही. गाडीची नवी शून्यस्थिती कोणती, हे नियंत्रकाला शिकवावे लागते. स्टिअरिंगच्या कोनाचेही तसेच, आणि काच बदलल्यावर कॅमेऱ्याचेही तसेच. ही आज्ञा देण्यासाठी अनेक गाड्यांत कंपनीचेच सॉफ्टवेअर लागते. धुराशी संबंधित दोषसंकेत कोणत्याही साध्या स्कॅनरला वाचता यावेत, असे प्रमाणीकरण आहे. दिव्यांच्या संकेतांना ते लागू नाही. परिणामी भाग योग्य, हात कुशल, आणि तरीही झोत चुकीचा, अशी अवस्था होते.

हा प्रश्न देशापुढे नव्याने आलेला नाही. भारतीय स्पर्धा आयोगाने ऑगस्ट २०१४ मध्ये १४ मोटार कंपन्यांना सुमारे २,५४४ कोटी रुपयांचा दंड ठोठावला, तो सुटे भाग आणि निदानाची साधने स्वतंत्र गॅरेजांना मिळू न दिल्याबद्दलच. पुढे ते प्रकरण अपिलांत गेले. जुलै २०२२ मध्ये केंद्राच्या ग्राहक व्यवहार विभागाने ‘दुरुस्तीच्या हक्का’साठी समिती नेमली आणि त्याच वर्षाअखेर एक संकेतस्थळही सुरू झाले, त्यात वाहनक्षेत्राचा समावेश आहे. युरोपीय संघाने २००७ च्या नियमानेच स्वतंत्र दुरुस्तीकारांना तांत्रिक माहिती देणे उत्पादकांना बंधनकारक केले होते. आपल्याकडे मात्र अशी माहिती देणे हा अजून बव्हंशी कंपनीच्या मर्जीचा भाग आहे.

कंपन्यांचा आक्षेप पोकळ नाही. नियंत्रक कोणालाही उघडून दिला तर कोणी वेगमर्यादा बदलेल, कोणी चोरी करील, आणि अर्धवट शिकलेल्या हातांनी केलेली शून्यस्थिती मूळ बिघाडापेक्षा वाईट ठरेल. परंतु दिव्याची शून्यस्थिती ठरवण्यासाठी सॉफ्टवेअरचा गाभा उघडावा लागत नाही. दोष वाचणे, सेन्सरचे चालू मूल्य पाहणे आणि पातळीचा आरंभबिंदू नोंदवणे, एवढे तीनच अधिकार प्रशिक्षित आणि नोंदणीकृत मेकॅनिकला देता येतात. कोणी, केव्हा बदल केला याची नोंदही गाडीतच राहू शकते. कौशल्याची चिंता असेल, तर तिचे उत्तर माहिती लपवण्यात नाही. आयटीआयच्या अभ्यासक्रमात हे मोजमाप शिकवण्यात आहे.

दुसरी पोकळी तपासणीतली आहे. व्यावसायिक वाहनांना पहिली आठ वर्षे दर दोन वर्षांनी आणि नंतर दरवर्षी योग्यता प्रमाणपत्र घ्यावे लागते. खाजगी मोटारीची नोंदणी एकदम १५ वर्षांसाठी होते. म्हणजे ज्या गाड्यांत हे नाजूक दिवे सर्वाधिक आहेत, त्यांच्या झोताचा कोन कायद्याच्या दृष्टीने दीड दशक कोणी मोजलाच पाहिजे असे नाही. गाडीसाठी प्रदूषण प्रमाणपत्र घ्यावे लागते. पाच मिनिटांत होणारे झोताचे मोजमापही त्याच केंद्रावर का होऊ नये? धुराचा त्रास सर्वांना होतो म्हणून तो मोजला जातो. चुकलेल्या झोताचा त्रासही इतरांनाच होतो.

२०२२ मध्ये देशात रस्ते अपघातांत १,६८,४९१ माणसे मरण पावली, आणि संध्याकाळी सहा ते नऊ हा काळ सर्वाधिक अपघातांचा ठरला. याचे सारे खापर दिव्यांवर फोडता येणार नाही. गर्दी, वेग, थकवा आणि मद्य ही कारणेही तितकीच खरी. पण त्या वेळी रस्त्याच्या कडेने विनादिव्याची सायकल घेऊन चाललेला मजूर, ट्रॅक्टरमागची बिनप्रकाशाची ट्रॉली आणि डोळे दिपलेला दुचाकीस्वार यांच्यासाठी झोताचा एक टक्का ही किरकोळ बाब नाही. नेत्रभिंगात वयाबरोबर प्रकाशाचे विकिरण वाढत जाते, त्यामुळे तोच झोत वयस्कर चालकाला अधिक काळ आंधळा करतो. यांच्यापैकी कोणीही त्या गाडीचा ग्राहक नाही. ग्राहकहक्काच्या चर्चेत त्यांचा आवाज म्हणूनच ऐकू येत नाही.

अनुकूली दिवा हे उत्तम तंत्रज्ञान आहे आणि ते मागे फिरवण्याचे कारण नाही. मात्र दिवा देशभर विकायचा आणि तो सरळ करण्याची किल्ली मोजक्या शहरांतल्या मोजक्या कार्यशाळांत ठेवायची, हे समर्थनीय नाही. शून्यस्थितीची माहिती खुली करणे आणि झोताचे वार्षिक मोजमाप सक्तीचे करणे या दोन्ही गोष्टी शासनाला आजच्या साधनांनी करता येण्याजोग्या आहेत. तोवर ज्याच्या घरी गाडी आहे, त्या प्रत्येक विद्यार्थ्याने एका संध्याकाळी दहा मीटरवर भिंत, खडूची रेघ आणि मागच्या आसनावर घरची तीन माणसे एवढ्या सामग्रीवर प्रयोग करून पाहावा. रेघेवरची कड परत खाली आली नाही, तर त्या रात्री गाडी बाहेर काढण्यापूर्वी दिव्याचा विचार करावा लागेल.